पडद्याआडचा सूत्रधार : जे. बी. एच. वाडिया

आमच्या आजोबांचे बालपण परळच्या चाळीत गेले. गिरणीचा भोंगा, गल्लीतला आखाडा आणि शनिवारचा सिनेमा या तीन गोष्टींवर ते आजही तासन्‌तास बोलू शकतात. त्यांच्या आठवणीतला सिनेमा म्हणजे नादियाचा सिनेमा. हातात चाबूक, डोळ्यांवर मुखवटा, पायांत उंच बूट आणि समोर आडवे झालेले पाच-सहा गुंड. तिच्या घोड्याचे नाव ‘पंजाब का बेटा’ होते हे त्यांना पाठ आहे. तिच्या मोटारीला ‘रोल्स रॉइस की बेटी’ म्हणत, हेही ते हसत हसत सांगतात. कुत्र्याचे नाव ‘गनबोट’. मी एकदा त्यांना विचारले की, हे चित्रपट काढत कोण होते? आजोबा बराच वेळ आठवत राहिले. मग म्हणाले की, कोणी तरी पारशी होता.

घोड्याचे नाव लक्षात राहिले आणि ज्याने तो घोडा पडद्यावर आणला त्याचे नाव विसरले गेले, ही गोष्ट मला चुटपुट लावून गेली. म्हणून मी त्या ‘कोणा तरी पारशा’चा शोध घेऊ लागलो. आणि शोधता शोधता मला जे कळले त्याने मी चांगलाच चकित झालो. मारधाडीच्या चित्रपटांचा हा निर्माता इंग्रजी साहित्याचा एम. ए. होता. मी स्वतः इंग्रजी साहित्याचा विद्यार्थी. हा विषय घेऊन पुढे काय करणार, हा प्रश्न आम्हा कला शाखेच्या विद्यार्थ्यांना दर लग्नसमारंभात एकदा तरी ऐकावा लागतो. त्या प्रश्नाला इतके अनपेक्षित उत्तर देणारा माणूस मला दुसरा भेटलेला नाही.

जमशेद बोमन होमी वाडिया यांचा जन्म १९०१ साली सुरत येथे झाला. वाडिया हे घराणे मूळचे जहाजे बांधणाऱ्यांचे. त्यांचे पूर्वज लवजी नसरवानजी वाडिया १७३६ मध्ये ईस्ट इंडिया कंपनीच्या बोलावण्यावरून सुरतेहून मुंबईस आले आणि त्यांच्या कुळाने मुंबईच्या गोदीत पिढ्यान्‌पिढ्या जहाजे बांधली. मलबारच्या सागवानाची ही जहाजे ब्रिटिश आरमारात नावाजली गेली. त्यांतले १८१७ साली बांधलेले ‘ट्रिंकोमाली’ हे जहाज इंग्लंडमध्ये आजही जपून ठेवलेले आहे. पुढे जमशेदजींनी आपल्या चित्रपटसंस्थेचे बोधचिन्ह निवडले तेव्हा त्यात जहाजच घेतले. लाकडाची जहाजे बांधणाऱ्यांचा वंशज सावल्यांची जहाजे बांधू लागला, एवढाच काय तो फरक.

अशा घरातल्या मुलाने एम. ए. आणि वकिलीची पदवी घेतल्यावर त्याने काय करावे याविषयी घरच्यांच्या अपेक्षा ठरलेल्या असणार. जमशेदजींनी त्या साऱ्या मोडल्या. १९२०च्या दशकात सिनेमा हा धंदा सभ्य समाजात बसत नव्हता. नाटकवाल्यांकडे निदान कौतुकाने पाहिले जाई, सिनेमावाल्यांकडे संशयाने. घरच्यांना धक्का बसला. तरीही १९२८ मध्ये ‘वसंतलीला’ या मूकपटापासून त्यांनी आपली वाट धरली. त्यांच्याहून दहा वर्षांनी लहान असलेला भाऊ होमी हाही लवकरच त्यांच्या जोडीला आला. थोरला भाऊ कथा लिही, पैसा उभा करी, माणसे जमवी. धाकट्याला कॅमेऱ्याची आणि यंत्राची नजर होती. या जोडीची ही विभागणी अखेरपर्यंत थोड्याफार फरकाने अशीच राहिली.

त्या वेळच्या मूकपटांत मारधाडीचे चित्रपट लोकप्रिय होते. शारदा फिल्म कंपनीचे मास्टर विठ्ठल हे त्यांतले मोठे नाव. कोल्हापूरच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीतून आलेला हा मराठी नट तलवारबाजी आणि घोडेस्वारी यांनी पिटातल्या प्रेक्षकांचे मन जिंकून बसला होता. १९३१ च्या ‘आलम आरा’ या पहिल्या हिंदी बोलपटाचा नायकही तोच. दुसरीकडे अमेरिकेचा डग्लस फेअरबँक्स पडद्यावर गच्च्यांवरून उड्या मारीत होता. त्याचा ‘मार्क ऑफ झोरो’ वाडिया बंधूंच्या मनात इतका भरला की, १९३१ चा त्यांचा ‘दिलेर डाकू’ त्याच वळणावर गेला. मुखवटा घातलेला वीर, दुष्ट सत्ताधारी आणि नाडलेली रयत, हा साचा त्यांनी तेथून उचलला. मात्र आपल्या प्रेक्षकाला तो परका वाटला नाही. आखाडा, दांडपट्टा आणि पोवाडा ज्यांच्या अंगवळणी पडलेला, त्यांना झोरो दूरचा कसा वाटावा?

१९३३ साली वाडिया बंधूंनी वितरक मंचेरशा बिलिमोरिया आणि बरजोर व नादिरशा टाटा हे बंधू यांच्या भागीदारीत ‘वाडिया मूव्हीटोन’ ही संस्था काढली. ही भागीदारी फार वर्षे टिकली नाही. संस्था मात्र टिकली. स्टुडिओ उभा राहिला तो परळच्या लवजी कॅसल या वाडियांच्या वडिलोपार्जित वास्तूत. भोवताली गिरण्यांची धुराडी होती. जो कामगार दिवसभर मागावर उभा राही तोच संध्याकाळी या स्टुडिओत तयार झालेला चित्रपट पाहायला पिटात बसे. निर्मात्याला आपला प्रेक्षक शोधण्यासाठी लांब जावे लागत नव्हते. तो रोज दारावरून जात होता.

संस्थेचा पहिला बोलपट ‘लाल-ए-यमन’ स्वतः जमशेदजींनी दिग्दर्शित केला. त्यात गाणारा एक कोवळा मुलगा होता, फिरोज दस्तूर. हाच मुलगा पुढे सवाई गंधर्वांचा शिष्य आणि किराणा घराण्याचा थोर गायक झाला. पुण्याच्या सवाई गंधर्व महोत्सवात ज्यांनी दस्तूरांना मैफलीत ऐकले असेल, त्यांतल्या कितींना त्यांची सुरुवात मारधाडीसाठी प्रसिद्ध असलेल्या स्टुडिओत झाली हे ठाऊक असेल, कोण जाणे!

यानंतर आली ती नादिया. तिचे खरे नाव मेरी इव्हान्स. जन्म १९०८ साली ऑस्ट्रेलियात पर्थ येथे. वडील ब्रिटिश फौजेतले. लहानपणीच ती हिंदुस्थानात आली. पहिल्या महायुद्धात वडील गेले. पुढे तिने नृत्य शिकले, सर्कशीत कामे केली, गावोगाव कार्यक्रम केले. लाहोरच्या एका चित्रपटगृहाच्या व्यवस्थापकाने तिचे नाव जमशेदजींना सुचविले. सोनेरी केसांची, निळ्या डोळ्यांची, धिप्पाड बांध्याची ही बाई हिंदी बोलपटात काय करणार, असा प्रश्न कोणालाही पडला असता. भाषाही तिला नीट येत नव्हती. जमशेदजींनी आधी तिला ‘देश दीपक’ आणि ‘नूर-ए-यमन’मध्ये लहान कामे देऊन प्रेक्षकांची नाडी पाहिली. तिने नाव बदलून नंदादेवी व्हावे आणि लांब वेण्या घालाव्यात अशीही त्यांनी सूचना केली होती. तिने ती झटकन नाकारली; आपण काही देवी नाही आणि नादिया हे नाव वाडियाशी छान जुळते, असे तिचे म्हणणे. जमशेदजींनी ते ऐकले. निर्मात्याचा मोठेपणा कधी कधी आपला हट्ट सोडण्यात असतो, याचा हा चांगला दाखला आहे.

१९३५ साली ‘हंटरवाली’ पडद्यावर आला. कथा जमशेदजींची, दिग्दर्शन होमींचे. दुष्ट वजिराने राजाला कैद केले आहे आणि राजकन्या माधुरी मुखवटा घालून, चाबूक हाती घेऊन अन्यायाचा सूड घेत हिंडते, अशी ती गोष्ट. स्त्रीने मार खावा आणि नायकाने तिला सोडवावे, हा तोवरचा शिरस्ता. येथे बाईच पुरुषांना उचलून भिरकावीत होती. असा चित्रपट चालेल याची धंद्यातल्या जाणत्यांना खात्री नव्हती. वाडियांनी धोका पत्करून तो ग्रँट रोडच्या सुपर सिनेमात लावला आणि तो पंचवीस आठवड्यांहून अधिक चालला. नादियाच्या नावाने चाबूक आणि पट्टे बाजारात आले. एका चित्रपटाने संस्थेचे पाय घट्ट रोवले.

पडद्यावरच्या त्या उड्या कशा घेतल्या जात, हे समजून घेताना माझा या चित्रपटांविषयीचा तुच्छभाव गळून पडला. नादिया आपल्या जागी दुसऱ्या कोणाला उभे करीत नसे. झुंबराला लोंबकळणे, धावत्या घोड्यावर झेप घेणे, आगगाडीच्या टपावर मारामारी करणे, ही सारी कामे तिने स्वतः केली. ‘जंगल प्रिन्सेस’साठी ती खऱ्या सिंहांबरोबर उभी राहिली. तिच्या जोडीला बोमन श्रॉफ आणि शरीरसौष्ठवासाठी नावाजलेले जॉन कावस यांच्यासारखे कसलेले गडी असत. आजच्यासारखी संगणकाची जादू नव्हती. कॅमेऱ्याची गती किंचित कमी ठेवून चित्रण केले की, पडद्यावर तीच हालचाल जलद दिसे, ही एक जुनी युक्ती होती; पण संवाद चालू असताना तीही वापरता येत नसे, कारण आवाज बिघडला असता. म्हणजे शेवटी भरवसा होता तो माणसांच्या अंगातल्या तालमीवर आणि एकमेकांवरच्या विश्वासावर. कोण कोठून उडी मारणार, कोण झेलणार, घोडा किती अंतरावर असणार, हे सारे आधी ठरवावे लागे. एकाने चूक केली तर दुसऱ्याचे हाड मोडणार. अशी माणसे वर्षानुवर्षे एकत्र ठेवणे, त्यांना दरमहा पगार देणे आणि पुढच्या चित्रपटाची कथा त्यांच्या अंगच्या गुणांभोवती रचणे, हे निर्मात्याचे काम होते. पडद्यावर ते कोठेच दिसत नाही. पण ते नसते तर पडद्यावर काहीच दिसले नसते.

आगगाड्यांचे त्यांना विशेष वेड. ‘तूफान मेल’, ‘मिस फ्रंटियर मेल’, ‘पंजाब मेल’ अशी नावेच पाहा. मुंबईहून पेशावरकडे जाणारी फ्रंटियर मेल १९२८ मध्ये सुरू झाली होती. तिचा वेग हा त्या काळातला चमत्कार होता. त्या वेगाच्या टपावर एक बाई उभी करायची, ही कल्पना सुचायला केवळ धंद्याची बुद्धी पुरेशी नाही. थोडे कवित्वही लागते.

आणि या साऱ्या धामधुमीत जमशेदजी आपले विचारही पेरीत होते. परकीय सत्तेच्या सेन्सॉरपुढे स्वातंत्र्याची भाषा उघड बोलता येत नव्हती. पण सिंहासन बळकावणारा वजीर आणि लुटली जाणारी रयत पडद्यावर दिसली की, पिटातल्या माणसाला ती कोणाची गोष्ट आहे हे सांगावे लागत नसे. १९४० च्या ‘डायमंड क्वीन’मध्ये मुंबईहून शिकून परत आलेली नायिका गावगुंडांशी झुंजते आणि स्त्रियांच्या स्वातंत्र्याविषयी, शिक्षणाविषयी ठणकावून बोलते. सभेत जी वाक्ये ऐकताना माणसे जांभया देतात, तीच वाक्ये गुंडाला लोळवून झाल्यावर उच्चारली तर टाळ्या पडतात. जमशेदजींना हे मर्म कळले होते. त्याआधी १९३७ मध्ये त्यांच्या संस्थेने ‘नौजवान’ हा एकही गाणे नसलेला बोलपट काढून पाहिला. ज्या काळी गाण्यांच्या संख्येवर बोलपटाची जाहिरात होई त्या काळी हे धाडस आगगाडीच्या टपावरच्या उडीपेक्षा कमी नव्हते.

त्यांचे राजकारण हा या चरित्रातला सर्वांत अवघड भाग आहे. जमशेदजी हे मानवेंद्रनाथ रॉय यांचे अनुयायी. आपल्याकडे तर्कतीर्थ लक्ष्मणशास्त्री जोशींसारखे पंडित रॉय यांच्या विचारांकडे ओढले गेले होते, हे आपण जाणतोच. दुसरे महायुद्ध सुरू झाल्यावर रॉय यांनी भूमिका घेतली की, फॅसिझम हा साऱ्या जगाचा शत्रू आहे आणि त्याविरुद्धच्या युद्धाला साहाय्य केले पाहिजे. जमशेदजींनी ती मानली आणि १९४० साली सरकारने स्थापलेल्या फिल्म अॅडव्हायझरी बोर्डाचे अध्यक्षपद पत्करले. या मंडळाचे काम युद्धप्रचाराचे चित्रपट काढण्याचे. ज्याने मुखवट्याआडून परक्या सत्तेवर चाबूक ओढला, तोच आता त्या सत्तेच्या मंडळावर बसला, असा आरोप करणे सोपे होते. मला स्वतःला त्यांचा निर्णय पूर्णपणे पटत नाही. १९४२ चा लढा डोळ्यांपुढे आणला म्हणजे मन अडखळते. पण हिटलर जिंकला असता तर काय झाले असते, हाही प्रश्न खोटा नाही. जमशेदजी लोकप्रियतेच्या उलट दिशेने गेले ते फायद्यासाठी नव्हे, विचारासाठी, एवढे मला मान्य करावे लागते.

याच सुमारास त्यांच्यातला साहित्याचा विद्यार्थी उसळून वर आला. किती दिवस चाबूक आणि घोडे? १९४१ साली त्यांनी ‘राजनर्तकी’ काढला. मधू बोस यांचे दिग्दर्शन, साधना बोस यांचे नृत्य, पृथ्वीराज कपूर नायक, मणिपूरची पार्श्वभूमी. हिंदी आणि बंगालीबरोबर इंग्रजीतही हा चित्रपट निघाला. ‘द कोर्ट डान्सर’ हे त्याचे इंग्रजी नाव. हिंदुस्थानात इंग्रजीत चित्रपट काढून तो बाहेरच्या जगापुढे ठेवण्याची ही आकांक्षा होती. पण ज्या प्रेक्षकाने ‘हंटरवाली’ला डोक्यावर घेतले तो येथे त्या मानाने आला नाही, आणि खर्च तर प्रचंड झालेला.

दोघा भावांचे मार्ग येथे वेगळे झाले. थोरल्याला उच्च अभिरुचीचा सिनेमा हवा होता. धाकट्याला नादिया आणि तिचा प्रेक्षक सोडवत नव्हता. १९४२ मध्ये होमींनी ‘बसंत पिक्चर्स’ ही स्वतंत्र संस्था काढली आणि पुढच्याच वर्षी ‘हंटरवाली की बेटी’ आणून यश मिळविले. परळचा स्टुडिओ हातचा गेला. प्रभात सोडून मुंबईस आलेल्या व्ही. शांतारामांनी १९४२ मध्ये त्याच जागेत ‘राजकमल कलामंदिर’ उभे केले. मराठी माणसाला राजकमल ठाऊक आहे, ‘शकुंतला’, ‘डॉ. कोटणीस’ ठाऊक आहेत. त्याच भिंतींच्या आत आधी पंजाब का बेटा खिंकाळत होता, हे सहसा कोणाच्या ध्यानी येत नाही.

येथे मी बराच काळ थबकलो. हलक्या मानल्या गेलेल्या चित्रपटांनी ज्याला उभे केले त्याला त्याच्या उच्च स्वप्नाने खाली आणले, असा सरळ धडा यातून काढता येईल. पण तो मला पुरता खरा वाटत नाही. दोन वाडिया नव्हतेच. ‘डायमंड क्वीन’मध्ये स्त्रीशिक्षणाचा मुद्दा घालणारा आणि ‘राजनर्तकी’वर पैसा उधळणारा माणूस एकच होता. चूक झाली असेल तर ती एवढीच की, आपले उत्तम काम आपण आधीच केले आहे, हे त्याला स्वतःला उमगले नाही. सुशिक्षितांच्या नजरेत जे हलके, तेच आपल्या नजरेतही हलके ठरू द्यायचे, हा आपल्या शिकलेल्या लोकांचा जुना रोग आहे. एम. ए. झालेले वाडियाही त्यातून सुटले नाहीत.

वाडिया मूव्हीटोनचे नाव मात्र त्यानंतरही राहिले. १९४८ चा दिलीपकुमार-नर्गिस यांचा ‘मेला’ याच संस्थेचा. भावांतला दुरावाही कायमचा ठरला नाही. पुढे होमींच्या चित्रपटांसाठी जमशेदजींनी लेखन केले. रॉय १९५४ मध्ये वारले, पण जमशेदजींची त्यांच्यावरची निष्ठा ढळली नाही. वयाची ऐंशी वर्षे ओलांडल्यावर, १९८३ साली, त्यांनी रॉय यांच्यावर लिहिलेले पुस्तक मुंबईच्या पॉप्युलर प्रकाशनाने प्रसिद्ध केले. १९८६ मध्ये त्यांचे निधन झाले.

१९९३ साली जमशेदजींचे नातू रियाद वाडिया यांनी नादियावर एक माहितीपट काढला आणि विस्मृतीत गेलेली हंटरवाली पुन्हा जगापुढे आली. तिने व होमींनी १९६१ मध्ये विवाह केला होता. १९९६ मध्ये ती गेली आणि २००४ मध्ये होमीही गेले. आता तिच्यावर पुस्तके आहेत, अभ्यास आहेत. ते योग्यच आहे. हाडे तिने पणाला लावली होती. पण एका परक्या दिसणाऱ्या, अडखळत हिंदी बोलणाऱ्या मुलीकडे पाहून ही आपल्या गिरणगावाची नायिका होईल, हे ज्याने ओळखले त्याचे नाव तिच्या नावाच्या सावलीतच राहिले.

हा लेख लिहून झाल्यावर मी आजोबांना वाचून दाखविला. एम. ए. आणि वकिलीचा भाग आला तेव्हा त्यांनी मला थांबवून तो पुन्हा वाचायला लावला. मग त्यांनी माझ्याकडून ते पूर्ण नाव दोनदा म्हणवून घेतले, आणि स्वतःही एकदा हळूच म्हणून पाहिले. आता त्यांना घोड्याचे नाव आठवते आणि धन्याचेही.